धुळ्याच्या तुरुंगातले अठरा रविवार

माउली, 1932 साल आठवा. इंग्रजांचे राज्य, कायदेभंगाची चळवळ आणि सत्याग्रहींनी भरलेला धुळ्याचा तुरुंग. तिथे 21 फेब्रुवारीच्या रविवारी विनोबांनी गीतेवर बोलायला आरंभ केला. दर रविवारी एक अध्याय. 19 जूनला अठरावा पूर्ण झाला. भाषा साधी मराठी, आधार ज्ञानोबारायांचा, श्रोते कैदी.

त्या श्रोत्यांत साने गुरुजी होते. अंमळनेरच्या शाळेतली शिक्षकी सोडून ते चळवळीत उतरले होते. विनोबा बोलत, गुरुजी लिहून घेत. म्हणून 'गीता प्रवचने' आज आपल्या हाती आहेत.

सर्वांभूती एकच भगवंत, हे गुरुजींनी तुरुंगात ऐकले, लिहिले. पंधरा वर्षांनी, 1947 च्या मे महिन्यात, अस्पृश्य म्हणून बाहेर ठेवलेल्या भाविकांना विठुरायाचे दार उघडावे यासाठी तेच गुरुजी पंढरपुरात उपोषणाला बसले. दहाव्या दिवशी उपोषण सुटले आणि दार उघडण्याची वाट मोकळी झाली.

नारदाच्या गादीवर मी आयुष्य काढले. बोलणाऱ्याला हार मिळतो. कीर्तन मात्र फळते ऐकणाऱ्याच्या वागण्यात. माउली, आपण ऐकतो पुष्कळ. त्यातले घरी किती नेतो?

राम कृष्ण हरी.