लायसियानासिड

लायसियानासिड : कवचधर प्राण्यांच्या अँफिपोडा गणातील लायसियानासिडी कुलाचा सदस्य, सैल अर्थाने या कुलाभोवती उभारलेल्या लायसियानासॉइडिया या अधिकुलातील कोणताही प्राणी. जवळजवळ सर्व जाती समुद्रवासी. बहुतेकांची लांबी काही मिलिमीटर ते दोन-तीन सेंटिमीटर. खोल समुद्रातील काही जाती मात्र याला ठळक अपवाद आहेत. मेलेल्या माशांवर व इतर प्राण्यांच्या कलेवरांवर थव्याने तुटून पडणारे म्हणून ते ओळखले जातात, आणि वर्तमानपत्रांत हे नाव आलेच तर ‘मांसभक्षक’ हे विशेषण सोबत घेऊनच येते. प्राणिशास्त्रात मात्र एखादा प्राणी लायसियानासिड आहे की नाही, हे तो काय खातो यावरून ठरत नाही. त्याच्या पायांची व मुखांगांची ठेवण पाहावी लागते.

नाव व इतिहास : फ्रेंच प्राणिवैज्ञानिक आंरी मिल्न-एडवर्ड्‌स यांनी १८३० मध्ये लायसियानासा ही प्रजाती स्थापन केली. ग्रीक पुराणकथांत नीरियस या सागरदेवाला पन्नास मुली. हेसिअडच्या यादीतील त्यांपैकी एकीचे हे नाव. समुद्री प्राण्यांना अशी नावे देण्याची त्या काळी रीतच होती. या प्रजातीवरून अमेरिकन शास्त्रज्ञ जेम्स ड्वाइट डेना यांनी १८४९ मध्ये कुलाला नाव दिले. मूळचे भूवैज्ञानिक असलेल्या डेना यांनी अमेरिकेच्या जगप्रदक्षिणा मोहिमेतून आलेल्या कवचधर प्राण्यांचा प्रचंड संग्रह हातावेगळा केला होता.

या कुलगटातील प्राणी शास्त्राच्या दप्तरी त्याआधीच दाखल झालेला होता. कॉन्स्टन्टाइन फिप्स हा ब्रिटिश नौदल अधिकारी १७७३ मध्ये उत्तर ध्रुवाच्या दिशेने गेला, बर्फात अडकून परत आला आणि १७७४ मध्ये त्याने प्रवासवर्णन छापले. त्यात ‘कॅन्सर न्यूगॅक्स’ या नावाने एका प्राण्याची नोंद आहे. खेकडे, कोळंबी आणि असले किरकोळ जीव तेव्हा सरसकट ‘कॅन्सर’ या एकाच प्रजातीत घालत. तोच प्राणी आज अ‍ॅनॉनिक्स न्यूगॅक्स म्हणून ओळखला जातो. (पुढे ट्रफाल्गरच्या लढाईने अमर झालेला नेल्सन या मोहिमेत पोरसवदा उमेदवार होता, त्याचे नाव प्रत्येक चरित्रात येते, न्यूगॅक्सचे येत नाही.)

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस दोन मोठी कामे झाली. नॉर्वेत गेओर्ग ओसियान सार्स यांनी तिथल्या अँफिपॉडांचे सचित्र वर्णन केले. इंग्लंडमध्ये टॉमस स्टेबिंग या पाद्र्याने ‘चॅलेंजर’ जहाजाच्या समुद्रसंशोधन मोहिमेतील अँफिपॉडांवरचा अवाढव्य अहवाल १८८८ मध्ये पुरा केला. स्टेबिंग डार्विनचे खंदे समर्थक होते आणि त्यापायी त्यांना प्रवचनाला मुकावे लागले. प्राणिशास्त्राचा त्यात फायदाच झाला, असे म्हणायला हरकत नाही.

मोनॅकोचा राजपुत्र पहिला आल्बेर याच्या गलबतांनीही या गटाला नावे पुरवली. ‘हिरोंडेल’ या त्याच्या गलबतावरून हिरोंडेलिया आणि ‘प्रिन्सेस आलिस’ यावरून अ‍ॅलिसेला या प्रजातींची नावे एदुआर शेव्रो यांनी ठेवली. यांतील अ‍ॅलिसेला जायगँटिया हा १८९९ मध्ये वर्णिलेला प्राणी सर्व अँफिपॉडांत मोठा. त्याची ३४ सेंटिमीटरपर्यंतची लांबी नोंदलेली आहे.

ओळखीच्या खुणा : शरीर दोन्ही बाजूंनी चापट, पाठ कमानदार, पृष्ठभाग गुळगुळीत. पायांच्या बुडाशी असलेल्या रुंद ढालींमुळे बाजूने पाहिल्यास प्राणी पेटीत बसवल्यासारखा दिसतो. पहिली शृंगिका आखूड आणि तिचा बुंधा जाडजूड. खरी खूण पकडीच्या दुसऱ्या पायात असते. हा पाय लांब, बारीक व लवचिक. त्याचा तिसरा खंड इतर अँफिपॉडांत नगण्य असतो, तो इथे चांगलाच लांबलेला असतो. पायाचे टोक मऊ केसांनी झाकलेले व बोटे नसलेल्या हातमोज्यासारखे. नमुना कितीही खराब झालेला असला तरी हा एक पाय शाबूत असेल तर सूक्ष्मदर्शकाखाली गटनिश्चिती होते, म्हणून वर्गीकरणकार आधी त्याच्याकडेच वळतात.

मृतभक्षक जातींत जबड्याची कातरती कड रुंद, सपाट व दातेविरहित असते; तिने मांसाचा लचका तोडून तो न चावता गिळला जातो. दळण्याचा भाग त्यामुळे झिजून गेलेला किंवा मऊ झालेला दिसतो. पहिल्या शृंगिकेच्या बुडाशी गंधग्राही केसांचा दाट कुंचला असतो. प्रवाहातून आलेला कुजका वास त्यावर पडला की प्राणी प्रवाहाच्या उलट दिशेने पोहू लागतो.

आहार : येथे सर्वाधिक गैरसमज आहेत. अधिकुलातील अनेक जाती मृतभक्षक आहेत हे खरे, पण सर्व नाहीत. अ‍ॅरिस्टियास प्रजातीतील प्राणी स्पंज व तत्सम स्थिर प्राण्यांच्या आत बिऱ्हाड करतात. ट्रायशिझोस्टोमा माशांच्या अंगाला चिकटून राहतो. ध्रुवीय बर्फाच्या तळाशी वाढणाऱ्या शैवलावर चरणाऱ्या जाती आहेत, तशाच उघड्या पाण्यात शिकार करणाऱ्याही. उलट, कलेवरावर जमलेला प्रत्येक छोटा कवचधर लायसियानासिड नसतो. त्यांत आयसोपॉड या वेगळ्या गणातील कवचधर असतात, इतर कुलांतील अँफिपॉडही असतात. तरीही पर्यावरणशास्त्राच्या लिखाणात ‘लायसियानासिड’ हा शब्द ‘मृतभक्षक अँफिपॉड’ याला पर्याय म्हणून वापरण्याची सवय पडली आहे. आमिष लावलेल्या सापळ्यांतून तेच मुबलक येतात, हे त्याचे कारण. सापळ्यात न येणाऱ्या जातींचा अभ्यास मागे पडतो आणि गटाचे चित्र एकांगी होते.

खोल समुद्रात अन्न क्वचित व अवचित मिळते. पॅरालिसेला प्रजातीत एका जेवणात आतडे इतके फुगते की सारे शरीर ताणले जाऊन जवळपास गोल होते. त्यानंतर दीर्घ उपास. पोटाखालच्या शिशुधानीत अंडी बाळगणाऱ्या माद्या सापळ्यांत फार क्वचित सापडतात. फुगलेल्या आतड्याने पिल्लांची जागा जाईल म्हणून त्या काळात त्या खाणेच टाळत असाव्यात, असा एक तर्क आहे.

मेलबर्नची घटना : ही संज्ञा प्रयोगशाळेबाहेर पडली ती ऑगस्ट २०१७ मध्ये. ऑस्ट्रेलियात तेव्हा हिवाळा. मेलबर्नच्या ब्रायटन उपनगरात पोर्ट फिलिप उपसागराच्या काठी १६ वर्षांचा एक मुलगा फुटबॉल खेळून आल्यावर दुखरे पाय गार पाण्यात सोडून अर्धा तासभर उभा राहिला. बाहेर आला तेव्हा घोट्याखाली टाचण्यांनी टोचल्यासारख्या असंख्य बारीक जखमा होत्या आणि रक्त थांबेना. गारठ्याने पाय बधिर झाल्यामुळे त्याला काहीच जाणवले नव्हते. रुग्णालयातही प्रथम उलगडा झाला नाही. वडिलांनी मग कच्चे मांस जाळीत बांधून त्याच जागी पाण्यात सोडले, आणि त्याला लगडलेल्या बारीक किड्यांची चित्रफीत जगभर पाहिली गेली.

व्हिक्टोरिया राज्याच्या संग्रहालयातील जेनिफर वॉकर-स्मिथ यांनी नमुने तपासून ते लायसियानासिड अँफिपॉड असल्याचे सांगितले. ते विषारी नसतात व कायमची इजा करत नाहीत, हा खुलासाही झाला. रक्त न थांबण्यामागे जळवांप्रमाणे रक्त गोठू न देणारे द्रव्य असावे, असा अंदाज त्या वेळी मांडला गेला. तो अंदाजाच्या पुढे गेलेला नाही. चावे आयसोपॉडांचे असावेत, असेही काही तज्ज्ञांचे मत होते. मांसावर जमलेले प्राणी आणि पायांना चावलेले प्राणी एकच, हे गृहीत धरले तरच ओळख पक्की ठरते. वर्तमानपत्रांनी मात्र ‘समुद्री पिसवा’, ‘समुद्री उवा’ आणि ‘लायसियानासिड’ हे शब्द एकाच बातमीत अदलाबदलीने वापरले. समुद्री उवा हे नाव इतर कवचधरांना, विशेषतः माशांवरील परजीवींना, लावले जाते आणि त्यांचा या कुलाशी संबंध नाही.

न्यायवैद्यक : कॅनडातील सायमन फ्रेझर विद्यापीठाच्या गेल अँडरसन यांनी समुद्रात सापडणाऱ्या मृतदेहांचे काय होते हे समजून घेण्यासाठी ब्रिटिश कोलंबियाच्या किनाऱ्याजवळ डुकरांची कलेवरे तळाशी ठेवून त्यांवर कॅमेरे लावले. जॉर्जिया सामुद्रधुनीत सुमारे ३०० मीटर खोलीवर अँफिपॉडांचे दाट थर चढले, ते नैसर्गिक छिद्रांतून आत शिरले आणि चारएक दिवसांत हाडे तेवढी उरली. ऑक्सिजन कमी असलेल्या सानिच खाडीत तसे घडले नाही; तिथे खेकडे व त्यांचे भाईबंद पुढे होते. सांगाड्याच्या अवस्थेवरून मृत्यूचा काळ सांगताना या फरकाची दखल घ्यावी लागते.

महासागरी गर्ता : या विषयावरील साहित्य विपुल आहे. रॉबर्ट हेस्लर व सहकाऱ्यांनी फिलिपीन गर्तेत सुमारे ९,६०० मीटर खोलीवर आमिषाभोवती हिरोंडेलिया जायगास या जातीचे थवे पाहिले व १९७८ मध्ये ते प्रसिद्ध केले. हीच जाती मारियाना गर्तेत चॅलेंजर डीप या जगातील सर्वांत खोल जागीही, म्हणजे सुमारे १०,९०० मीटरवर, राहते. २०१२ मध्ये जपानी संशोधकांनी तिच्या अंगात सेल्युलोज फोडणारी विकरे असल्याचे दाखवले. वरून बुडत आलेला लाकूडफाटाही तिला पचत असावा. इतक्या खोलीवर कॅल्शियम कार्बोनेट विरघळते. त्यापासून बचाव म्हणून तिच्या कवचावर अ‍ॅल्युमिनियमयुक्त जेलचा लेप असतो, हे २०१९ मध्ये निदर्शनास आले.

प्रदूषणाचे मापक म्हणून या प्राण्यांना आलेले महत्त्व अलीकडचे. वरून पडणारे सर्व काही ते खातात, त्यामुळे वरचे सर्व काही त्यांच्या अंगात जमते. अ‍ॅलन जेमिसन व सहकाऱ्यांनी २०१७ मध्ये मारियाना व करमाडेक गर्तांतील अँफिपॉडांत, वापरावर केव्हाच बंदी आलेली पीसीबी रसायने मोजली. मारियानातील सर्वाधिक प्रमाण हे चीनच्या लियाओ नदीचे पाणी पिणाऱ्या भातखाचरांतील खेकड्यांच्या ५० पट भरले. सहा गर्तांच्या पाहणीत बहुसंख्य प्राण्यांच्या आतड्यात कृत्रिम तंतू व कण मिळाले (२०१९). त्यानंतर २०२० मध्ये मारियाना गर्तेतील एका नव्या जातीचे नावच युरिथिनीस प्लॅस्टिकस ठेवण्यात आले, कारण तिच्या आतड्यात बाटल्यांच्या प्लॅस्टिकशी जुळणारा तंतू सापडला होता.

वर्गीकरणातील अस्थिरता : ‘लायसियानासिड’ ही संज्ञा आज कोणत्या अर्थाने वापरली आहे, हे लेखाचे साल पाहून ठरवावे लागते. सिडनीच्या ऑस्ट्रेलियन म्युझियममधील जेम्स लाउरी व हेलन स्टॉडार्ट यांनी १९९० च्या दशकापासून जुन्या विस्तृत कुलाचे तुकडे केले. युरिथिनीस २००४ मध्ये व हिरोंडेलिया २०१० मध्ये स्वतंत्र कुलांत गेल्या. अ‍ॅलिसेलाच्या कुलाला २००८ मध्ये मान्यता मिळाली. म्हणजे वर वर्णिलेल्या नामांकित प्राण्यांपैकी बरेचसे काटेकोर अर्थाने आता लायसियानासिड नाहीत. ही पुनर्रचना सर्वांनी सारख्याच तत्परतेने स्वीकारलेली नाही, आणि पर्यावरणशास्त्रज्ञ जुना सोयीचा अर्थ सोडायला नाखूश दिसतात.

जातींच्या पातळीवरही हीच गत. युरिथिनीस ग्रिलस ही १८२२ पासून जगभर एकच मानलेली जाती डीएनए तपासणीत अनेक जातींचे गाठोडे निघाली. २०१५ मध्ये दूदेकेम दाकोझ व हॅव्हरमन्स यांनी त्यातून वेगळ्या केलेल्या एका दक्षिणी महासागरातील जातीचे नाव आहे युरिथिनीस अंधकारे, संस्कृत ‘अंधकार’वरून.

भारत : भारतीय सागरी सर्वेक्षणाच्या ‘इन्व्हेस्टिगेटर’ जहाजावरील शल्यवैद्य-निसर्गवैज्ञानिक जी. एम. जाइल्स यांनी १८८० च्या दशकात बंगालच्या उपसागरातील अँफिपॉडांची वर्णने केली. कोकणकिनाऱ्यावरचा जवळा आकाराने तसाच बारीक असला तरी तो दशपाद गणातला, कोळंबीचा नातेवाईक आहे. वाळूवर वाहून आलेले शेवाळ उचलताच टणाटण उड्या मारणारे जीव मात्र अँफिपॉडच, पण निराळ्या कुलातले. मध्य हिंदी महासागरात बहुधातू गोट्यांसाठी भारताला मिळालेल्या सुमारे ७५,००० चौ. किमी. क्षेत्राच्या पर्यावरणीय अभ्यासात गोव्यातील दोनापावला येथील राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेचा सहभाग आहे. खाणकामापूर्वी तळावरील मृतभक्षकांची नोंद आमिषसापळ्यांनी घ्यावी, अशी आंतरराष्ट्रीय समुद्रतळ प्राधिकरणाची शिफारस असल्याने अशा क्षेत्रांत या गटाला महत्त्व येते.

आर्थिक महत्त्व : थंड समुद्रांत जाळ्यात व गळाला लागून राहिलेले मासे हे प्राणी आतून पोखरतात, त्यामुळे मासेमारांना उपद्रव.