गोष्ट नसलेला चित्रपट

भारतीय चित्रपटाची जन्मकथा सांगताना सामान्यतः ३ मे १९१३ ह्या दिवसापासून आरंभ केला जातो. त्या दिवशी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ प्रेक्षकांसमोर आला आणि चित्रपट म्हणजे पडद्यावर सांगितलेली गोष्ट, हे समीकरण रूढ झाले. परंतु ह्या कथापटाच्या पाठीशी उभा आहे तो गोष्ट नसलेला एक लघुपट.

१९१२ साली फाळके लंडनहून विल्यमसन कॅमेरा घेऊन परतले. विद्या हाती आली होती; भांडवल मात्र नव्हते, आणि नुसत्या शब्दावर पैसा कोण देणार? तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणे पेरले आणि समोर कॅमेरा मांडला. महिन्याहून अधिक काळ, मधूनमधून थांबत, ते चित्रे टिपीत राहिले. ती सलग दाखविताच महिनाभराची वाढ मिनिटभरात डोळ्यांपुढे उलगडली. ह्या ‘अंकुराच्या वाढी’त ना राजा होता, ना राणी, ना संकट. एरवी डोळ्यांना न दिसणारी काळाची गती, एवढाच त्याचा विषय. तरीही तो पाहून यशवंतराव नाडकर्णी आणि नारायणराव देवहरे यांची खात्री पटली आणि कर्जाची सोय झाली. सरस्वतीबाईंचे दागिनेही ह्या कार्यी गहाण पडले.

पुढे १९१५ मध्ये फाळक्यांनी ‘आगकाड्यांची मौज’ ह्या लघुपटात निर्जीव काड्यांना चालते केले. परंतु चित्रगृहे तिकिटांवर जगत, आणि तिकिटे कथेवर खपत. त्यामुळे ही वाट मागे पडली. तिच्याकडे नव्याने वळण्यास आश्रय लागला तो सरकारी संस्थेचा किंवा शिष्यवृत्तीचा. १९६८ मध्ये फिल्म्स डिव्हिजनमध्ये प्रमोद पती यांनी ‘एक्स्प्लोरर’ केला. नेहरू शिष्यवृत्तीच्या बळावर चित्रकार अकबर पदमसी यांनी मुंबईत ‘सिझिजी’ हा केवळ रेषांचा मूक लघुपट सिद्ध केला. त्यांच्या दुसऱ्या लघुपटाची एकुलती एक प्रत मात्र पुढे हरवली.

कथापटाच्या प्रती गावोगाव जात. एखादी नष्ट झाली तरी दुसरी उरण्याची आशा असे. गोष्ट नसलेल्या चित्रपटाला बाजार नाही, म्हणून प्रतीही नाहीत. ‘हरिश्चंद्रा’साठी पैसा उभा करणाऱ्या त्या वाटाण्याच्या रोपाचे ऋण मानायचे, तर अशा लघुपटांच्या उरलेल्या प्रती जपणे हे पहिले कर्तव्य ठरते.