वऱ्हाडची पांदण

अमरावती-अकोल्याकडे गांव सोडून शिवाराची वाट धरली कीं पांदण लागते. दोन्ही बाजूंच्या धुऱ्यांमधून गेलेला हा गाडीरस्ता चाकांनीं आणि पावसानें शेताहून खोल झालेला असतो. त्याच्या कांठचीं झाडें कोणी लावलीं नाहींत. कुंपणाला हिवर-बोरीच्या फांद्या टाकल्या, पांखरांनीं निंबोण्या खाऊन बिया सांडल्या, आणि नांगर पोंचला नाहीं तेथें जें उगवलें तें राहिलें. बाभळीला सुगरणींचीं घरटीं, पिवळ्या तरवडावर भुंगे, बोराटीच्या जाळींत तितर, आणि तितराच्या अंड्यांवर डोळा ठेवणारें मुंगूस!

पांदणीच्या शेवटीं गुरांचें गायरान असे. तेथें पवन्या, मारवेल, कुसळी हीं गवतें, त्यांत काळविटांचे कळप, आणि श्रावणांत तणमोर. कोंबडीएवढा हा पक्षी. त्याचा काळा नर मादीचें लक्ष वेधण्यासाठीं गवतांतून पुनःपुन्हा वर उसळी घेतो. उंच गवत नसेल तर ही उसळी व्यर्थ, आणि जमिनीवर घातलेलीं अंडीं उघडीं.

हें गवत दुष्काळानें नव्हे, कापसाच्या भरभराटीनें गेलें. १८५३ च्या तहानें वऱ्हाड निजामाकडून इंग्रजांच्या व्यवस्थेखालीं आला. १८६१ सालीं अमेरिकेंत यादवी पेटली, लँकेशायरच्या गिरण्यांना कापूस मिळेना, आणि व्यापाऱ्यांची दृष्टि येथील काळ्या मातीकडे वळली. १८६७ सालीं आगगाडी नागपुरास पोंचली. १८७० सालीं लॉर्ड मेयोनें खामगांवचा फांटा खुला केला. जमाबंदीच्या भाषेंत पेरा नसलेल्या भूमीस ‘पडीत’ म्हणत. गुरें जिच्यावर जगत आणि पांखरें जिच्यांत वाढत ती भूमि पडीत कशी, हा प्रश्न दप्तरांत उद्भवण्याचें कारण नव्हतें. माळ नांगराखालीं येत गेले. पांदण मात्र वांचली, कारण कापसाच्या गाड्यांनाही वाट हवीच होती!

आतां पाळी पांदणीची आहे. २०२१ सालीं राज्य शासनानें शेत-पाणंद रस्त्यांसाठीं मातोश्री ग्रामसमृद्धि योजना आखली. भर पावसांत गाडी चिखलांत रुतून ज्याचीं बैलें गुडघे टेकतात, त्यानें पक्का रस्ता मागूं नये असें कोण म्हणेल? पण रस्ता रुंद करावयाचा तर कांठची झाडी प्रथम जाते, आणि हिवर पुन्हा त्या उंचीचा होण्यास एक पिढी लागते.

तणमोर आज अतिसंकटग्रस्त पक्ष्यांच्या जागतिक यादींत आहे. अकोला व वाशीम जिल्ह्यांत त्याच्या रक्षणासाठीं पुढें आलेल्यांत फासेपारधी आहेत, हें ऐकून शहरी माणूस चकित होतो. वस्तुतः नवल कांहींच नाहीं. ज्यांचे पूर्वज फांसे मांडून तितर-लावे धरीत, त्यांच्याइतकी पांखरांची वाट दुसऱ्या कोणास ठाऊक असणार? नर कोणत्या माळावर उसळतो, मादी कोणत्या धुऱ्याकडे वळते, हें ते पाहून ठेवतात. आणि जेथें मादी बसली असेल तेथील गवत अंडीं फुटेपर्यंत कापूं नये म्हणून शेतकऱ्याची विनवणी करतात.