जुन्या स्विफ्टला दुसरी चाकं: जुळणीचं शास्त्र

मारुतीने मे २००५ मध्ये स्विफ्ट बाजारात आणली. तिची पहिली पिढी, म्हणजे २०११ पर्यंतची गाडी, अजून महाराष्ट्राच्या रस्त्यांवर भरपूर दिसते. इंजिन ठणठणीत असतं, पण मूळच्या लोखंडी डिस्क गंजलेल्या असतात, खड्ड्यांनी कडा वाकलेल्या असतात आणि टायर बसतो तिथून हळूहळू हवा जात असते. अशा गाडीसाठी कुर्ल्याच्या सीएसटी रोडवर किंवा पुण्याच्या नाना पेठेत चाकं बघायला गेलं की पहिला प्रश्न येतो, पीसीडी काय? उत्तर ४×१००, आणि बहुतेकांची चौकशी तिथेच संपते. माझ्या मते ती तिथे सुरू व्हायला हवी. ४×१०० हे माप छोट्या गाड्यांत इतकं सर्रास आहे की त्यावरून चाक स्टडवर चढेल एवढंच कळतं. गाडी त्यावर सुरक्षित चालेल की नाही, हे चाकाची पाठ, नटाची बैठक आणि टायरची बाजू यांवर ठरतं, आणि तिकडे सहसा कोणी बघत नाही.

पीसीडी म्हणजे स्टडच्या केंद्रांतून जाणाऱ्या वर्तुळाचा व्यास. चार स्टड असतील तर समोरासमोरच्या दोघांच्या मध्यांमधलं अंतर मोजलं की झालं. स्विफ्टमध्ये ते १०० मिमी. त्याच कंपनीच्या मारुती ८००, झेन आणि जुन्या अल्टोमध्ये ते ११४.३ मिमी, त्यामुळे दारात पडलेल्या झेनची चाकं स्विफ्टला लागतच नाहीत. हा प्रकार निरुपद्रवी. फसवतं ते जवळचं माप. फियाटच्या पॅलिओ आणि पुंटोचा पीसीडी ९८ आहे. म्हणजे प्रत्येक भोक केंद्राकडे फक्त एक मिमी सरकलेलं. तेवढा फरक भोकाच्या सैलपणात मुरतो, नट आवळले जातात आणि चाक घट्ट बसल्यासारखं वाटतं. प्रत्यक्षात प्रत्येक नट बैठकीच्या एकाच बाजूला टेकलेला असतो आणि स्टड वाकून ताणलेला असतो. गाडी चालताना चाकाच्या प्रत्येक फेऱ्याला हा ताण कमी-जास्त होतो, आणि धातू थकून तुटतो तो अशाच चढउताराने. 'चढलं की' हा पुरावा म्हणून किती कच्चा आहे ते इथे कळतं.

आता मधलं भोक. स्विफ्टच्या हबचा उंचवटा ५४.१ मिमीचा. ह्युंदाईच्या सँट्रो, आय१० आणि आय२० या गाड्यांचंही माप तेच, म्हणून त्यांची मूळ चाकं हबवर नेमकी बसतात. होंडा सिटी आणि जॅझचं भोक ५६.१, लोगनचं ६०.१. बाजारातल्या बहुतेक अलॉयचं भोक तर मुद्दाम ६७ किंवा ७३ मिमीचं ठेवलेलं असतं, म्हणजे एकच साचा अनेक गाड्यांना विकता येतो. भोक हबपेक्षा लहान असेल तर चाक चढतच नाही. मोठं असेल तर मधली फट भरायला रिंग लागते. इथे एक गैरसमज फार पसरलेला आहे की गाडीचा भार या रिंगवर येतो. तसं नाही. नट आवळल्यावर स्टड किंचित ताणला जातो, तो ताण चाकाला हबच्या सपाट तोंडावर दाबून धरतो, आणि त्या दाबातून निर्माण होणारं घर्षण भार वाहतं. रिंगचं काम चाक आवळताना ते मधोमध धरून ठेवणं एवढंच. पण ते काम हलकं नाही. अर्ध्या मिमीने जरी चाक सरकून आवळलं गेलं तरी महामार्गावर ठरावीक वेगाला स्टिअरिंग थरथरतं आणि कितीही वेळा बॅलन्सिंग केलं तरी जात नाही, कारण दोष चाकात नसून त्याच्या जागेत असतो. रिंग प्लास्टिकची असेल तर घाटात सतत ब्रेक दाबून तापलेल्या हबवर ती मऊ पडू शकते. अॅल्युमिनियमची टिकते, मात्र आपल्या पावसाळ्यात हबला गंजून चिकटते, म्हणून बसवताना ग्रीसचा अगदी पातळ हात द्यावा.

नटांच्या बाबतीत एक गोष्ट पक्की लक्षात ठेवली की घोटाळा होत नाही: आटे गाडीचे असतात, बैठक चाकाची असते. स्विफ्टचे स्टड १२ मिमी जाडीचे, आट्यांमधलं अंतर १.२५ मिमी. ह्युंदाई आणि होंडाचे स्टड तेवढ्याच जाडीचे, पण अंतर १.५. तेव्हा आय२०ची चाकं आणली तरी तिचे नट आणायचे नाहीत. तो नट स्विफ्टच्या स्टडवर एक-दोन फेरे सहज घेतो, मग अडतो, आणि दुकानात हवेची गन लावली की आटे खाऊन पुढे जातो. बैठकीची गोष्ट उलटी आहे. सुझुकी-ह्युंदाईच्या नटाचं टोक शंकूसारखं निमुळतं असतं, तर होंडाच्या मूळ चाकांत बैठक वाटीसारखी गोल असते. गोल बैठकीत शंकूचा नट घातला तर पृष्ठभागावर पृष्ठभाग न बसता फक्त एका रेषेवर स्पर्श होतो. नट आवळलेला वाटतो, काही दिवसांत ती रेष दबते आणि नट सैल होतो. म्हणून होंडाची मूळ अलॉय स्विफ्टला लावायची तर स्विफ्टच्या आट्यांचे पण गोल टोकाचे नट वेगळे शोधावे लागतात. शिवाय स्टेपनी लोखंडीच राहिली असेल तर तिच्यासाठी शंकूचे जुने चार नट डिकीत हवेत. पंक्चर सहसा रात्री, पावसात होतं. तेव्हा हा विसर महागात पडतो.

नट किती फेरे आत जातो, हेही मोजावं. निदान स्टडच्या जाडीएवढी, म्हणजे १२ मिमी पकड हवी. १.२५च्या आट्यांना ते साडेनऊ-दहा फेरे होतात. मागे पाच मिमीचा स्पेसर टाकला की त्यातले चार फेरे गेलेच.

खरं विवेचन ऑफसेटचं. रिमच्या रुंदीचा मध्य आणि हबला टेकणारं तोंड यांच्यातलं अंतर म्हणजे ऑफसेट. चाकाच्या पाठीवर 'ईटी ४५' असं कोरलेलं असतं त्याचा अर्थ, टेकणारं तोंड मध्यापासून ४५ मिमी बाहेरच्या बाजूला आहे. स्विफ्टसारख्या गाडीसाठी साडेपाच इंची रिम आणि ऑफसेट ४५ हा पाया धरू. साडेपाच इंचाचा निम्मा ६९.८५ मिमी. त्यातून ४५ वजा केले की हबपासून बाहेर २४.८५ मिमी उरतात, ४५ मिळवले की आत ११४.८५. आता दुकानात 'स्पोर्टी' म्हणून दाखवलेलं सात इंची, ऑफसेट ३५चं चाक घेऊ. निम्मी रुंदी ८८.९. बाहेर ५३.९, आत १२३.९. म्हणजे चाक बाहेरच्या बाजूला २९ मिमी आणि आत ९ मिमी जास्त जागा मागतं. बाहेरचे २९ मिमी मडगार्डच्या कडेला भिडतात, तेही गाडी रिकामी असताना नाही, तर मागे तिघं बसून खड्ड्यात गेल्यावर. आतले ९ मिमी स्ट्रटकडे सरकतात. याउलट सहा इंची, ऑफसेट ४५चं चाक दोन्हीकडे फक्त ६.३५ मिमी जास्त घेतं. होंडाच्या काही चाकांचा ऑफसेट पन्नासच्या वर आहे. रुंदी तीच राहिली तरी ती चाकं आत ओढली जातात, आणि मग कॅलिपर आणि स्ट्रट दोन्ही तपासावे लागतात. रुंदी आणि ऑफसेट हे दोन आकडे एकत्रच वाचायचे. एकटा ऑफसेट काहीच सांगत नाही.

जागेचा प्रश्न मडगार्ड घासलं की निदान ऐकू तरी येतो. न ऐकू येणारा परिणाम स्टिअरिंगवर होतो. पुढचं चाक ज्या तिरप्या अक्षाभोवती वळतं तो अक्ष खाली वाढवला तर जमिनीला एका बिंदूत भेटतो, आणि टायर जमिनीला टेकतो त्याचा मध्य दुसऱ्या बिंदूत असतो. त्यांच्यातलं अंतर कंपनी जाणूनबुजून ठरवते. पुढच्या चाकांवर चालणाऱ्या छोट्या गाड्यांत ब्रेकची नळी बहुधा तिरकी जोडलेली असते, पुढचं डावं चाक मागच्या उजव्यासोबत. एक मार्ग निकामी झाला तर पुढे एकच चाक ब्रेक लावतं आणि गाडी त्या बाजूला ओढली जाते. अक्षाचा बिंदू टायरच्या मध्याच्या बाहेर असेल तर तोच ब्रेक चाकाला उलट दिशेला वळवू पाहतो आणि ओढ बरीचशी सावरली जाते. चाक बाहेर काढलं की टायरचा मध्यही तेवढाच बाहेर येतो आणि ही तरतूद कमी होते, मोठ्या फरकाला उलटते. डावं चाक रस्त्याकडेच्या ओल्या मातीवर आणि उजवं डांबरावर असताना जोरात ब्रेक दाबला तर काय होतं, हे कोकणातल्या अरुंद रस्त्यावर एसटीला वाट देणाऱ्याला वेगळं सांगायला नको. त्यातच चाक बाहेर गेल्याने बेअरिंगवरची तरफ वाढते आणि ते लवकर गुणगुणू लागतं. माझा निकष कडक आहे: ऑफसेट मूळपेक्षा पाच-सात मिमीपलीकडे बदलत असेल तर चाक परत ठेवावं, ते कितीही देखणं असो.

टायरच्या व्यासाबद्दल लोक सगळ्यात जास्त बोलतात आणि तो हिशोब सगळ्यात सोपा आहे. मूळ १६५/८० आर१४चा व्यास ६१९.६ मिमी. वरच्या मॉडेलला कंपनीने दिलेला १८५/७० आर१४ भरतो ६१४.६. १८५/६५ आर१५ घेतला तर ६२१.५, जवळजवळ तोच. १९५/५५ आर१५ मात्र ५९५.५, म्हणजे सुमारे चार टक्के लहान: स्पीडोमीटर ८० दाखवत असताना गाडी ७७ने जाते, आणि त्याहून वाईट म्हणजे पोट जमिनीच्या बारा मिमी जवळ येतं. २०५/६५ आर१५ उलट दिशेला साडेचार टक्के चुकतो. ८० दिसतात तेव्हा खरा वेग ८३.६ असतो. वेग कमी दाखवणारा काटा जास्त घातक, म्हणून चूक व्हायचीच तर ती लहान बाजूला, तीही तीन टक्क्यांच्या आत असावी. चारही चाकं एकाच व्यासाची हवीत हे वेगळं सांगत नाही. एबीएस असलेल्या गाडीत तर पुढे-मागे वेगळे व्यास म्हणजे संगणकाला खोटी माहिती.

पण व्यास जुळवण्याच्या नादात टायरच्या बाजूची उंची विसरली जाते. १६५/८०ची बाजू १३२ मिमी उंच आहे. १६ इंची रिमवर १९५/५० चढवला तर ती ९७.५ उरते. खड्ड्याची धार आणि रिमची कड यांच्यामध्ये एवढीच हवा. पावसाळ्यानंतरचे आपले रस्ते बघता हा सौदा मला कधीच पटलेला नाही. त्यात भार वाहण्याची क्षमताही बघा: १६५/८० आर१४ला सहसा ८५ हा भारांक असतो, म्हणजे एका टायरला ५१५ किलो. १९५/५० आर१६चा ८४, म्हणजे ५०० किलो. टायर रुंद झाला, पण ताकद घटली. १८५/६५ आर१५चा ८८, म्हणजे ५६० किलो. २००७ नंतरच्या डिझेल स्विफ्टचं नाक जड, तिच्या मालकाने तर हा आकडा आधी वाचावा.

चाकाची स्वतःची ताकदही छापलेली असते. पाठीवर कमाल भार कोरलेला असतो; तो गाडीच्या जड धुऱ्यावरच्या कमाल भाराच्या निम्म्याहून कमी नसावा. जपानी निकषाचं जेडब्ल्यूएल हे चिन्ह आहे का ते पाहावं. वळणातल्या वाकण्याचा थकवा, सरळ भाराचा थकवा आणि धक्का या तीन परीक्षा चाकाला द्याव्या लागतात. शेवटच्या परीक्षेत चाक १३ अंश तिरकं धरून त्याच्या कडेवर वजन सोडतात. काहीच कोरलेलं नसलेलं चाक यांपैकी कशातून गेलं आहे हे कळायला मार्ग नाही. जुन्या अलॉयबाबत आणखी एक. या चाकांचं अॅल्युमिनियम ओतल्यावर उष्णतेच्या संस्काराने कडक केलेलं असतं. वाकलेली कड गरम करून ठोकली, किंवा तडा वेल्डिंगने भरला, की त्या जागेचा कडकपणा जातो. वरून रंग दिल्यावर दिसत काहीच नाही. म्हणून रिमची आतली कड बोटाने चाचपावी, चाक फिरवून डोलतं का बघावं. लोखंडी डिस्क वाकली तर सरळ करता येते, अलॉय तडकते.

या कसोट्यांवर बाजारातली चाकं लावली की निकाल बराच स्पष्ट होतो. रिट्झ आणि पहिल्या डिझायरची १४ इंची चाकं म्हणजे डोळे मिटून घ्यावीत, फक्त वाकलेली नाहीत ना ते बघून. २०११नंतरच्या स्विफ्टची १५ इंची अलॉय आणि त्यांवरचा १८५/६५ ही मला सर्वांत चांगली बढती वाटते: हबचं माप तेच, नट तेच, व्यासात दोन मिमीचा फरक, भारक्षमता जास्त. आय२०ची १४ इंची चाकं स्विफ्टच्याच नटांवर चालतात, ऑफसेट वाचून घ्यावा. होंडाची चाकं हौसेची आहेत: रिंग, वेगळे नट आणि ऑफसेटचा हिशोब असे तीन अडथळे पार करायची तयारी असेल तरच. सात इंची, ऑफसेट ३५चं १६ इंची चाक मात्र जागेपासून भारापर्यंत जवळजवळ प्रत्येक कसोटीला नापास होतं, आणि काचेमागे तेच सगळ्यात पुढे मांडलेलं असतं.

पैसे देण्याआधी एक चाक टायरसकट पुढच्या धुऱ्यावर लावून बघायचं ठरवून घ्यावं. रिकामी रिम कॅलिपरला मोकळी राहते म्हणून समाधान मानू नये. बॅलन्सिंगची चिकटवजनं आत लागली की तीच घासू शकतात. स्टिअरिंग दोन्ही टोकांना वळवावं, मागे माणसं बसवून कडेचं अंतर पाहावं. नट आधी हाताने फिरवावेत, मग समोरासमोरच्या क्रमाने टॉर्क रेंचने, गाडीच्या पुस्तिकेतल्या आकड्याला आवळावेत, आणि पहिल्या शंभर किलोमीटरच्या आत पुन्हा तपासावेत, कारण नव्या बैठकीवरचा रंग दबला की ताण थोडा उतरतो.