पिटातल्या प्रेक्षकांचे मास्टर भगवान

झाडीपट्टीत धानाची कापणी झाली की वडसा-देसाईगंजच्या नाटक कंपन्या गावोगाव रात्ररात्र रंगू लागतात. शहरी रसिकाने त्यांना नाक मुरडावे आणि गावकऱ्यांनी मात्र पहाटेपर्यंत थंडीत बसून राहावे, हे चंद्रपूर-गडचिरोलीकरांस नवे नाही. चित्रपटाच्या इतिहासातही असाच पंक्तिभेद झाला आहे. तेथे स्टंटपट पंक्तीबाहेर बसविला गेला. त्या स्टंटपटाचा एक मोठा मानकरी आपल्याच विदर्भातला. १ ऑगस्ट १९१३ रोजी अमरावतीस जन्मलेले भगवान आबाजी पालव, म्हणजेच मास्टर भगवान.

वडील कापडगिरणीतले कामगार; भगवान यांनीही प्रारंभी मोलमजुरीच केली. मूकपटांच्या दिवसांत ते पडद्यावर आले. १९३८ साली चंद्रराव कदम यांच्यासह त्यांनी ‘बहादुर किसान’ दिग्दर्शित केला. पुढे सुमारे दशकभर त्यांनी मारामाऱ्यांचे आणि धाडसाचे चित्रपट काढले. १९४१ साली ‘वनमोहिनी’ हा तमिळ चित्रपटही त्यांनीच दिग्दर्शित केला. १९४२ साली ते जागृती पिक्चर्सचे निर्माते झाले आणि १९४७ साली चेंबूरला त्यांचा स्वतःचा स्टुडिओ उभा राहिला.

हे सारे साधले कसे? काटकसरीने. पोशाखांपासून कामगारांच्या जेवणापर्यंत सगळे ते जातीने ठरवीत, आणि पासष्ट हजार रुपयांत अख्खा चित्रपट पुरा करीत. मजुराची मिळकत किती आणि तो तिकिटाला काय देऊ शकतो, हे त्यांना पुस्तकातून शिकावे लागले नव्हते.

या धंद्याची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. १९४२ च्या सुमारास एका प्रसंगाच्या चित्रणात भगवान यांची थप्पड ललिता पवार यांना इतकी जोरात बसली की त्यांच्या चेहऱ्यास पक्षाघात झाला आणि डावा डोळा कायमचा अधू राहिला. नायिकेच्या भूमिका त्यांना अंतरल्या. पडद्यावरील खोट्या माराची किंमत अशी खऱ्या शरीराने मोजावी लागे.

राज कपूर यांनी सामाजिक चित्रपट काढण्याचा सल्ला दिला, आणि १९५१ साली ‘अलबेला’ आला. संगीतकार सी. रामचंद्र, त्यांना १९४२ च्या ‘सुखी जीवन’मध्ये हिंदीत प्रथम संधी देणारे भगवानच होते. सोबत गीता बाली. नायक म्हणजे नट होण्याचे स्वप्न बाळगणारा गरीब तरुण. हाणामारी गेली, नाच आला. पण तो नाचही असा सोपा की गिरणीतून सुटलेल्या माणसाने वरातीत सहज नाचावा. तीच लकब पुढे अमिताभ बच्चन यांनी उचलली.

पुढील ‘झमेला’स (१९५३) तसे यश लाभले नाही. हळूहळू जुहूचा बंगला गेला, मोटारी गेल्या, स्टुडिओ गेला. ते किरकोळ भूमिका करीत राहिले आणि ४ फेब्रुवारी २००२ रोजी मुंबईत वारले. शेवटची वर्षे दादरच्या चाळीत गेली.

२०१६ साली ‘एक अलबेला’ने त्यांची कथा मराठी पडद्यावर आणली. तेव्हाही गौरव झाला तो मुख्यत्वे ‘अलबेला’चा. त्याआधीचे स्टंटपट विस्मृतीतच राहिले. वस्तुतः त्या चित्रपटांनीच त्यांना प्रेक्षक मिळवून दिला आणि निर्माता म्हणून उभे केले. अभिजनांनी काय वाखाणले, एवढीच नोंद ठेवून कलेचा इतिहास पुरा होत नाही. दिवसभर राबलेला माणूस पदरचे पैसे मोडून काय पाहावयास गेला, हेही त्यात लिहिले गेले पाहिजे. झाडीपट्टीच्या माणसास तरी हे वेगळे पटवून द्यावे लागू नये.