ताकाशी शिमुरा : ऐकणारा नट

जपानी दिग्दर्शक अकिरा कुरोसावांच्या 30 चित्रपटांपैकी 21 चित्रपटांत ताकाशी शिमुरा दिसतात. कुरोसावांचे नायक म्हणून ओळखले जाणारे तोशिरो मिफुने 16 चित्रपटांत आहेत. तरीही शिमुरांचे नाव निघते ते बहुधा दोन भूमिकांसाठी : ‘इकिरू’मधला (1952) कर्करोगाने मरणारा सरकारी खात्याचा प्रमुख वातानाबे आणि ‘सेव्हन सामुराई’चा (1954) म्होरक्या कांबेई. बाकीची सारी कारकीर्द या दोहोंची पूर्वतयारी असल्यासारखे लिहिले जाते. मला हे मुळातच उलटे वाटते. या दोन भूमिका उभ्या आहेत त्याच दुय्यम कामांत कमावलेल्या कसबावर.

ते कसब म्हणजे समोरच्याचे ऐकणे. 1905 साली जन्मलेले शिमुरा ओसाकाच्या हौशी रंगभूमीवरून 1934 मध्ये चित्रपटांत आले. त्या काळी स्टुडिओ नटांना कराराने बांधून घेत आणि पुढ्यात येईल ते काम देत : आज पोलीस, उद्या म्हातारा, परवा सरदार. अशा नटाला प्रसंग आपल्याकडे ओढून घेता येत नाही. दुसऱ्याचा प्रसंग त्याला पेलावा लागतो. ‘सान्शिरो सुगाता’त (1943) जेमतेम 38 वर्षांचे शिमुरा नायकाकडून हरणारे उतारवयाचे जुजुत्सूचे गुरू झाले. त्या पराभवात कडवटपणा नाही, म्हणूनच नायकाच्या विजयाला वजन येते. ‘ड्रंकन एंजल’मध्ये (1948) मिफुनेंचा गुंड पडदा व्यापतो खरा, पण त्याचा आजार आणि त्याची भीती आपल्याला कळते ती शिमुरांच्या चिडखोर डॉक्टरमुळे.

यावर कुणी म्हणेल, ‘इकिरू’त तर ते निर्विवाद नायक आहेत, मग त्यांना दुय्यम नट कसे म्हणायचे? पण त्या चित्रपटाची रचना पाहावी. शेवटच्या सुमारे एक-तृतीयांश भागात वातानाबे मेलेला आहे. मयताच्या घरी जमलेले सहकारी दारू पीत, वातानाबेच्या शेवटच्या दिवसांत उभी राहिलेली बाग नेमकी कुणामुळे झाली यावर वाद घालतात आणि त्यांच्या आठवणींतून तो तुकड्यातुकड्यांनी दिसत राहतो. झोपाळ्यावरचा प्रसिद्ध प्रसंगसुद्धा एका पोलिसाच्या सांगण्यातून येतो. इतरांच्या बोलण्यात जगणारा असा नायक उभा करायला कडेला उभे राहण्याची सवय असलेलाच नट हवा होता. शिवाय नायकपद मिळाले म्हणून त्यांचा दर्जा बदलला नाही. ‘सेव्हन सामुराई’ आला त्याच वर्षी, 1954 मध्येच, ते इशिरो होंडांच्या ‘गोजिरा’ या राक्षसपटात प्राध्यापक यामाने म्हणून पुन्हा कडेला गेले. त्या राक्षसाला मारू नका, त्याचा अभ्यास करा, असे म्हणणारा तोच एक माणूस, आणि त्याचे दुःख खरे वाटते म्हणूनच तो चित्रपट नुसता रबरी पोशाखाचा खेळ राहत नाही.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे : शिमुरांना घडवले ते कुरोसावांनी. मोठ्या भूमिका त्यांनी दिल्या, हे कोण नाकारील? पण कुरोसावांनी पहिला चित्रपट केला तेव्हा शिमुरांची पडद्यावर नऊ वर्षे झाली होती. त्यात दिग्दर्शक मिझोगुचींचा ‘ओसाका एलेजी’ (1936) होता आणि 1939 चा एक संगीतपटही होता, ज्यात शिमुरा चक्क गायले आहेत. कुरोसावांबरोबरचे काम ‘रेड बिअर्ड’नंतर (1965) पंधरा वर्षे थांबले, तरी कसब उणावले नाही. योजी यामादांच्या तोरा-सान मालिकेच्या पहिल्या चित्रपटात (1969) ते मुलापासून दुरावलेले वडील आहेत. लग्नाच्या मेजवानीत ते बराच वेळ गप्प बसतात. मग उठून, आठ वर्षे आपण बाप म्हणून कमी पडलो, हे अडखळत कबूल करतात, आणि मालिकेच्या नायकाचा सगळा गलका त्या थोड्या वाक्यांपुढे मागे पडतो.