तळटीप : नलिनी मलानी

१. नलिनी मलानी : जन्म कराची, १९४६. फाळणीनंतर कुटुंब भारतात आले. शिक्षण मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये. मूळ मजकुरात त्यांचा उल्लेख केवळ ‘चित्रकर्ती’ असा आहे; तो अपुरा आहे. चित्रकार अकबर पदमसींच्या व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉपमध्ये १९६९च्या सुमारासच त्या कॅमेऱ्याकडे वळल्या होत्या. १९९२मध्ये मुंबईच्या केमोल्ड गॅलरीत त्यांनी थेट भिंतींवर चित्रे काढली आणि प्रदर्शन संपल्यावर त्यांवर पांढऱ्या रंगाचा हात फिरला. विकता येईल असे काहीच मागे न ठेवण्याचे हे धाडस फार मोठे होते. पोखरणच्या अणुचाचण्यांनंतर, १९९८मध्ये केलेल्या ‘रिमेंबरिंग टोबा टेक सिंग’मध्ये पत्र्याच्या ट्रंकांत टीव्ही संच मांडलेले आहेत; ते पाहताना फाळणीत घर सोडलेल्यांचे सामान आठवल्यावाचून राहत नाही. पुढच्या छायानाट्यांत पारदर्शक नळकांड्यांवर मागच्या बाजूने रंगवलेल्या आकृती संथ फिरतात, त्यांतून प्रकाश जातो आणि भिंतीवर सावल्या एकमेकींवरून सरकत राहतात. या पानावरचा ‘फिरत्या सावल्या’ हा निर्देश याच रचनांचा. २०२३चा क्योटो पुरस्कार त्यांना मिळाला. — संपा.